चंद्र्याचा कान

लातूर, १२ ऑगस्ट १९८६

ती. स्व. गुरुपादअण्णास,
शिवकांताचा सा. न. वि. वि.

घोड्याचे केस मिळेनात म्हणून तुमच्या सिनेमातला राक्षस टकला राहिला, हे वाचून हसले. इथं दुसरं हसण्यासारखं काही नाही. जिल्हा होऊन चार वर्षं झाली, कचेऱ्या आल्या. पाणी मात्र टँकर आला तरच.

आपला चंद्र्या बैल परवा चारा छावणीत मेला. गावाकडं अव्वाला सांगितलं नाही. मोतीबिंदूनं तिला आता नुसता उजेड कळतो. पोळ्याला चंद्र्याला आणणार न्हवं, एवढंच विचारत राहिली. आईशी खोटं बोलून मी हो म्हणून बसले.

तू रबराची जनावरं करतोस. चंद्र्याचं नुसतं तोंड करशील? ती हात फिरवेल, घास देईल. यात माया किती आणि माझा भित्रेपणा किती, मला ठरवता येत नाही.

रागावलास तरी लोभ कमी करू नकोस.
शिवकांता

मुंबई, २६ ऑगस्ट

चि. शिवकांतास अ. आ.

येडी हाईस. कॅमेरा फसतो, हात फसत नाही. तरी राक्षस तसाच ठेवून हे केलंय. मातीचं डोकं घडवलं, त्याचा साचा घेतला, साच्यात रबर ओतलं, केस मिळाले ते एकेक करून यालाच रोवले. डावं शिंग मोडकं ठेवलंय. दोरी ओढलीस की कान हलेल. फुगा दाबलास की नाकातून वारा येईल. नाकपुडी ओली लागावी म्हणून ग्लिसरीन लाव. रबराचा वास जाईपर्यंत कडब्यात पुरून ठेव. जीभ घट्ट बसवलीय, सिनेमात तेवढी पुरते.

मला रजा नाही. मानेमागं तिचा हात जाऊ देऊ नकोस. तिथं काहीच नाही.

अव्वाला माझा नमस्कार, शरणु शरणार्थी सांग. तुझी काळजी वाटते.
गुरुपाद

लातूर, ६ सप्टेंबर

ती. स्व. अण्णास सा. न. वि. वि.

तोंड एस.टी.नं नीट पोचलं. पोळ्याला ते गावी नेलं, गोठ्यातल्या खांबाला बांधून मी मागं बसले. अव्वानं मोडकं शिंग चाचपलं. मी कान हलवला. आलास का रं लेकरा, म्हणत तिनं त्याच्या कपाळाला गाल लावला. अण्णा, त्या क्षणी मला आपलं बरोबर वाटलं.

मग तिनं पुरणपोळीचा घास तोंडात दिला आणि हात तिथंच ठेवला. घास घेताना चंद्र्या तिचा तळवा चाटायचा. तू विसरलास, मीही विसरले. ती थांबून राहिली. मी वेड्यासारखी कान हलवत होते, फुगा दाबत होते.

जीभ कोरडी पडली बाळाची, असं म्हणून तिनं आपल्या वाट्याचा तांब्या उचलला आणि त्याच्या तोंडात ओतला. पाणी मानेतून माझ्या मांडीवर, तिथून जमिनीवर. ते पडताना तिनं ऐकलं. तरी तांब्या रिता होईस्तोवर ओतत राहिली.

मग आत जाऊन भिंतीकडं तोंड करून निजली. काल दिवसभर घास घेतला नाही, पाणीही नाही. मी खांबाला बांधलेलं तोंड सोडायला गेले, तर राहू दे म्हणाली.

आज निघताना तिनं माझा हात धरला. गुरप्पाला लिही, म्हणाली, कान लई चांगला हलला.

जमेल तसा ये. लोभ तिच्यावर असू दे.
शिवकांता