ऑर्लिनाचं नाव पुकारलं की

लॉरेल फोर्क, केंटकी
१२ मार्च १९७८

चि. ऑर्लिना हिस, आजी मॉसीचे अ. उ. आ.

वि. वि. तुझं कार्ड पोचलं. पुढच्या बाजूला एवढा मोठा समुद्र आणि मागच्या बाजूला दोन ओळी. शेजारच्या डल्सीने वाचायला घेतलं आणि तिचा चष्मा नाकावर नीट बसेपर्यंत संपलंसुद्धा. पुढच्या वेळी समुद्र थोडा कमी पाठव.

हे पत्र नेहमीसारखं डल्सीच लिहिते आहे. मी बोलते ते सगळं ती लिहीत नाही, आणि न बोललेलं मधेच घालते. अक्षर फार वळणदार आहे म्हणतात. मला काय, मला सगळ्यांचंच वळणदार दिसतं. (मी काहीही घालत नाही. — डल्सी)

थंडी अजून हटली नाही. रानलसूण मात्र उगवली आहे आणि सगळे तीच खातात, त्यामुळे आठवडाभर या दरीत कुणी कुणाच्या तोंडाजवळ जाऊन बोलत नाही. तुझी व्हर्डीमावशी दुरूनही बोलत नाही. मी पडवीत तंबाखू ओढते म्हणून तिचा राग आहे. तिचा मुलगा डेन्व्हर ट्रक घेऊन ओहायोला जात-येत असतो. पोट सुटलंय त्याचं.

आता मुद्द्याचं. सप्टेंबरच्या दुसऱ्या रविवारी तुझ्या आईची, माझ्या रेवाची, आठवणसभा आहे. दरवर्षीसारखीच, वर टेकडीवर, थडग्यांपाशी. पाद्री एनोस आधी गेलेल्यांची नावं घेईल, मग घरच्यांची नावं पुकारेल आणि ज्याचं नाव येईल तो उठून उभा राहील. रेवा गेली त्या वर्षी तू होतीस. त्यानंतर नाही. तिच्या आवडीचं भजन मी एकटी ओढते आणि माझा दम आता अर्ध्या ओळीत संपतो. उरलेली अर्धी ओळ तुझी आहे. येऊन घेऊन जा.

आणि कार्डात रेकॉर्डचं काय लिहिलं होतंस? कुणाची रेकॉर्ड, कसली रेकॉर्ड?

लोभ आहेच, तू पत्र मोठं लिहिलंस तर तोही वाढेल.

तुझी आजी मॉसी


रिसीडा, कॅलिफोर्निया
२ एप्रिल १९७८

ती. आजीस ऑर्लिनाचा सा. न. वि. वि.

समुद्र कमी करून मजकूर वाढवला आहे. डल्सीकाकूंना सांग, चष्मा पुसून बसा.

मी बरी आहे. काम चालू आहे, चित्रपटांतलं, छोटं छोटं. त्यात सांगण्यासारखं काही नाही. रेकॉर्डचं मात्र सांगते.

गिल रोझनर म्हणून एक पियानोवाला आहे. बारीक, टक्कल पडत आलेला, कायम पोट दुखत असल्यासारखा चेहरा. आमच्या एका चित्रपटाला तो संगीत देणार होता म्हणून चित्रीकरणाच्या घरी आला होता. मी स्वयंपाकघरात सगळ्यांसाठी अंडी तळत होते आणि तळता तळता आईचं भजन गुणगुणत होते. तो दारात उभा राहिला. मला वाटलं अंडी हवी असतील. त्याने विचारलं की हे गाणं कुठलं. मी म्हटलं, हे गाणं नाही, हे माझ्या आजीचं श्वास घेणं आहे.

तो गातोही, आणि त्याची स्वतःची रेकॉर्ड निघते आहे. जॅझच्या अंगाची, पण मऊ. ढोल काठीने बडवत नाहीत, तारांच्या झाडूने हळूच झाडतात. मधे एक सॅक्सोफोन येतो आणि वाट चुकल्यासारखा हिंडतो. मागे गायला त्याने आम्हा तिघींना घेतलं. बाकी दोघी कागदावरचे सूर बघून गातात. माझ्यापुढेही कागद ठेवला. मी तो उलटा धरला होता हे मला शेवटी कळलं. मग मी त्याला म्हटलं की आमच्याकडे पाद्री ओळ भरभर म्हणून टाकतो आणि मग सगळे ती आपापल्या दमाने ओढत नेतात. तू तशी ओळ टाक, मी उचलते.

त्याने टाकली, मी उचलली. पण आपल्या सवयीने उचलली. ओळ पुरी ऐकून, थांबून, मग घसरत घसरत सुरावर. तो पियानोवरून ओरडला की तू उशिरा येतेस. पुन्हा केलं, पुन्हा उशिरा. तिसऱ्यांदा तो ओरडलाच नाही. टेप मागे फिरवून ऐकत बसला आणि मग त्या दोघींना म्हणाला की तुम्हीपण थांबा, हिच्यासाठी.

सप्टेंबरचं जमेल असं वाटत नाही. काम आहे. रागावू नकोस.

कृपा असू दे, तंबाखू कमी असू दे.

तुझी ऑर्लिना


लॉरेल फोर्क
२३ एप्रिल १९७८

चि. ऑर्लिना हिस अ. उ. आ.

वि. वि. ढोलाला झाडू लावतात हे ऐकून डल्सीने दोनदा वाचलं. मी म्हटलं, बरंय, घर तरी स्वच्छ राहत असेल.

आता मी जे सांगते ते डल्सी जसंच्या तसं लिहिणार आहे. तसं मी तिच्याकडून कबूल करून घेतलं आहे.

ईस्टरच्या जेवणाला सगळे व्हर्डीकडे जमलो होतो. डेन्व्हरने दोन वेळा वाढून घेतलं आणि मग मान खाली घालून म्हणाला की ओहायोत डेटनला एका थिएटरबाहेर त्याने मोठा कागद चिकटवलेला पाहिला, त्यावर ऑर्लिना होती आणि अंगावर फारसं काही नव्हतं. खाली नाव दुसरंच, ट्यूलिप डुवाल. आत जाऊन खात्री करून आलो, म्हणाला. व्हर्डीच्या हातातून चमचा पडला. मी डेन्व्हरला एवढंच विचारलं की खात्री व्हायला पूर्ण चित्रपट बघावा लागला का. त्याची बायको त्याच्याकडे वळली आणि मग बराच वेळ तुझा विषय निघाला नाही.

(इथे मी पेन खाली ठेवलं होतं. मॉसीने उचलायला लावलं. — डल्सी)

तर मला ठाऊक आहे, पोरी. आवडलं असं म्हणणार नाही, तुला खोटं वाटेल. दोन दिवस मी कोंबड्यांशीही बोलले नाही. तिसऱ्या दिवशी मला वेगळंच सुचायला लागलं. मी तुला विचारते आणि तू खरं उत्तर द्यायचं. पोटभर खातेस ना? कुणी हात उगारतं का? रात्री दाराला आतून कडी लावून झोपता येतं ना? नको म्हटलं तर ऐकतात का?

आणि तू सप्टेंबरला येत नाहीस ते कामामुळे नाही. एवढं कळायला मला अक्षरं लागत नाहीत.

व्हर्डी म्हणाली आहे की ऑर्लिना टेकडीवर आली तर ती उठून जाईल. तिच्या गुडघ्यांना टेकडी उतरायला किती वेळ लागतो ते मी पाहिलं आहे. तोवर दोन भजनं होतात.

रागावलेली, पण तुझीच,
आजी


रिसीडा
२८ मे १९७८

ती. आजीस सा. न. वि. वि.

तुझं पत्र आलं तेव्हा मी पायऱ्यांवर बसून वाचलं. घरात जाववलं नाही. मग वाचत वाचत डेन्व्हरच्या बायकोच्या ओळीपाशी आले आणि इतकी हसले की शेजारीण खिडकीत आली.

विचारलंस ते क्रमाने. पोटभर खाते. कुणी हात उगारत नाही; एकाने एकदा उगारला होता, त्याच्यासोबत पुन्हा काम केलं नाही. कडी आहे, आतून. नको म्हटलं तर बहुतेक ऐकतात. जिथे ऐकलं नाही तिथून उठून आले, पण उशिरा उठले. ते दिवस मी कुणाला सांगत नाही, तुलाही नाही सांगणार. बाकीचे दिवस तुला वाटतात तसे नसतात गं. दिवे तापलेले, कुणाला तरी शिंका, कुणाचं तरी सँडविच हरवलेलं. आई भाज्यांच्या डबाकारखान्यात काम करायची, संध्याकाळी येऊन म्हणायची की आज मी तिथे नव्हतेच, माझे हात होते फक्त. तसंच.

पहिल्या वर्षी हॉटेलात थाळ्या उचलत होते. मग हे. मला कुणी ओढून नेलं नाही, आजी. दार उघडं होतं, मी गेले. आता मला बाहेर यायचं आहे, आणि या रेकॉर्डमुळे पहिल्यांदा वाटतंय की बाहेर यायलाही दार आहे.

पण तिथेच अडलंय. रेकॉर्ड काढणाऱ्या मंडळींना मी कोण ते कळलं. त्यांना कव्हरवर माझा फोटो हवा आहे आणि खाली ट्यूलिप डुवाल. लोक त्यासाठी तरी उचलतील म्हणतात. गिल त्यांच्याशी भांडला. आता ठरलंय असं की फोटो नाही. नाव कुठलं छापायचं ते मी सांगायचं, किंवा छापायचंच नाही. ट्यूलिप छापलं तर मी जन्मभर ट्यूलिप. ऑर्लिना छापलं तर इथले पेपरवाले दोन्ही नावं जोडतील आणि मग डेटनच काय, तुमच्या दरीतल्या दुकानातही बोलतील. तुझ्या तोंडावर बोलतील. म्हणून वाटतं, काहीच नको. मागे गाणाऱ्या बाईचं नाव कोण वाचतं?

तू सांग. तू सांगशील ते छापेन. जुलैच्या आत कळवायचं आहे.

वाट बघणारी,
ऑर्लिना


लॉरेल फोर्क
१८ जून १९७८

चि. ऑर्लिना हिस अ. उ. आ.

वि. वि. शेंगा निवडत सांगते आहे, मधे मधे थांबेन.

लोक बोलतील म्हणतेस. बोलतील की. मी फ्रीज घेतला तेव्हा बोलले होते. तुझे आजोबा खाणीतून पळून पोस्टात लागले तेव्हा बोलले. तुझ्या आईने लग्न न करता तुला जन्म दिला तेव्हा तर या दरीत दुसरा विषय नव्हता, आणि ज्या बायका जास्त बोलल्या त्याच पुढे तुला मांडीवर घेऊन बसायच्या. मला बोलण्याची भीती नाही. माझे कान तसेही अर्धे गेलेत.

तुला एक गोष्ट कुणी कळवलेली नाही, कारण कळवणारी मीच. तू गेल्यापासून पाद्री एनोसने तुझं नाव गाळायचं ठरवलं होतं. म्हणाला, जो हजर नाही त्याला कशाला पुकारायचं. मी म्हटलं, पुकार. त्याने विचारलं की मग उठणार कोण. तेव्हापासून दर सप्टेंबरला तो मॉसी म्हणतो, मी उठते. बसते. मग तो ऑर्लिना म्हणतो, मी पुन्हा उठते. लोक थडग्यांकडे बघतात, आभाळाकडे बघतात, मी उभी असते. गुडघे दरवेळी विचारतात की एकदाच नाही का भागणार.

तेव्हा तू मला विचारू नकोस की ते नाव लपवू का. ते नाव मी ठेवलं आहे, माझ्या आईचं. आणि इतकी वर्षं सगळ्यांदेखत उभं धरलं आहे. तू ते कुठेही छाप, बारीक छाप, मागच्या बाजूला छाप. पण त्याला खाली बसवू नकोस.

ट्यूलिपबद्दल माझं भांडण नाही. तिने माझ्या नातीला जेवू घातलं. तिला निरोप दे आणि आता झोपू दे.

शेंगा झाल्या. लोभाचं काय लिहायचं, तो आहेच इथे पडवीत.

तुझी आजी


रिसीडा
२० ऑगस्ट १९७८

ती. आजीस सा. न. वि. वि.

छापलं. मागच्या बाजूला, बारीक, शेवटून दुसरी ओळ. रेकॉर्ड दुकानात यायला वेळ आहे, पण गिलने एक आधी दिली आहे. ती घेऊन सभेच्या आदल्या दिवशी बसने हॅझार्डला उतरते. डेन्व्हरला ट्रक घेऊन पाठव. त्याला सांग, मी काही विचारणार नाही.

घाबरलेली,
ऑर्लिना


लॉरेल फोर्क
८ ऑक्टोबर १९७८

चि. ऑर्लिना हिस अ. उ. आ.

वि. वि. तू सुखरूप पोचल्याचं कळलं. एका पेपरात दोन्ही नावं जोडून आली आहेत असं लिहिलंस. डल्सी म्हणाली की दुकानात पेपर आला होता आणि कुणीतरी तो बर्फाच्या पेटीखाली दाबून ठेवला. कोण ते कळलं नाही. हॉटेलात पुन्हा थाळ्या उचलायला लागलीस तेही कळलं. गाणं रोज मिळेलच असं नाही, थाळ्या असतात. गिलला सांग की पोटाला ताक घे.

व्हर्डी उठून गेली नाही. बाक बदलला, एवढंच. जेवणाच्या वेळी सफरचंदाच्या थरांच्या केकचा तुकडा तिने डेन्व्हरच्या हाती तुला पाठवला तो फार पातळ होता, मी पाहिलं. पण तिच्या हातचा पातळ तुकडाही कुणाला सहज मिळत नाही. पुढच्या वर्षी जाड होईल.

आता त्या क्षणाचं. तू पुढे होतीस, तुला मागे काय झालं ते दिसलं नसेल. एनोसने ऑर्लिना म्हटलं आणि मी उठले. सवयच ती. डोळे मिटलेले होते. उघडले तर पुढच्या बाकावर तूही उभी. एकाच नावाला दोघी. बायका तोंडाला रुमाल लावून हसायला लागल्या. एनोस म्हणाला की मॉसीताई, खाली बसा, ती स्वतः आली आहे. डल्सी गावभर सांगत सुटली आहे की म्हातारी विसरली. (विसरलीच होती. — डल्सी)

उठताना विसरले होते, कबूल. पण त्याने बसायला सांगितलं तेव्हा मला सगळं आठवत होतं, आणि तरी मी बसले नाही. आधी मी तुझ्या जागी उभी राहायची. त्या दिवशी तुझ्या शेजारी उभी होते. ते वेगळं आहे आणि त्यात गुडघे दुखत नाहीत.

मग तू आईचं भजन उचललंस. माझा दम सुटला तिथून. एनोसने ओळ टाकली, तू थांबलीस, आणि सगळी टेकडी थांबली.

रेकॉर्ड डेन्व्हरच्या यंत्रावर ऐकली. तो माणूस बरा गातो, थोडा झोपेत असल्यासारखा. ढोलवाला खरंच झाडतो. आणि मग तू येतेस, उशिरा, सगळे वाट बघत असताना. मी डल्सीला म्हटलं, ती बघ, माझा श्वास. कव्हरवर तुझं नाव कुठे आहे ते तिने माझं बोट धरून दाखवलं. म्हणाली, फार बारीक छापलंय गं. मी म्हटलं, मला काय त्याचं, मोठं छापलं असतं तरी मला वाचता आलं नसतं. आता ती जागा मला न बघता सापडते.

सप्टेंबरचा दुसरा रविवार. तू ये. नाही जमलं तर मी आहेच, दोनदा उठेन. गुडघ्यांना मी विचारलेलं नाही.

तुझी आजी
मॉसी