गलाईवरची झोपायची खोली

आप्पासाहेब भावजी, जय भीम.

त्या सकाळी मी अंगण झाडून चुलीवर तवा टाकला आणि तमिळनाडूतून तुमचा फोन आला. तुमच्या गलाईच्या, म्हणजे सोनं गाळायच्या दुकानाला आग लागली होती. माडीवर झोपलेले तुमचे दादा, माझे मालक, धुरात गुदमरून गेले. सोन्याची धूळ वाऱ्यानं उडू नये म्हणून तुम्ही माडीच्यासुद्धा खिडक्या खिळे ठोकून बंद केल्या होत्या.

"वैनी, गलाईत असंच असतंय," तुम्ही म्हणालात. व्हय, पण माडीवर सोनं नव्हतं, माणसं होती.

आता माझ्या लेकाला, प्रबुद्धला, नव्या दुकानात कामाला बोलावताय. तिथल्या झोपायच्या खोलीच्या खिडक्या उघडत असतील, तरच तो येईल.

तुमची वहिनी,
शालन

ता.क. पत्र टाकलं नाही. दुसऱ्या दिवशी प्रबुद्धला घरी ठेवून मी एकटीच विट्याहून तमिळनाडूच्या गाडीत बसले, ती खोली आधी स्वतः बघायला.