रावेरला कोणाची?

मेहरूण, मंगळवार, दिवेलागण

वरच्या खोलीसाठी आज सरकारी दवाखान्यातली एक नर्स आली होती. मी चहा टाकला. "कुठली गं तू?" "रावेरची, अक्का." "रावेरला कोणाची?" आपल्याकडे हे सगळेच विचारतात, आणि मायेनंच विचारतात असं मी आजवर समजत होते. तिनं वडिलांचं आडनाव सांगितलं आणि माझ्या तोंडून निघून गेलं, "खोली कालच दिली गं."

चहा तिनं पूर्ण प्यायला. जाताना फाटकावरची 'खोली भाड्याने देणे आहे' ही पाटी पाहून म्हणाली, "पाटी काढून घ्या अक्का, उगाच कोणाला हेलपाटा पडतो."

माझी वकील भाची म्हणते, जात पाहून घर नाकारणाऱ्यांविरुद्ध कडक कायदा हवा. मी मान डोलावली होती. तेव्हा तो दुसऱ्या कोणासाठी वाटला होता.

पाटी काढायला गेले, तशीच परत आले. काढली तर माझं खोटं खरं होईल. उद्या दवाखान्यात जाऊन तिला बोलावून आणावं. आडनाव सांगितलं की सापडेल. पण हाक काय मारू? नाव मी विचारलंच नाही.