गाऱ्हाण्यातलं नाव

॥ श्री ॥
मुलुंड, ५ ऑक्टोबर १९८६

चि. सुलक्षणा हिस धोंडूआबाचे अनेक आशीर्वाद.

पत्राला फार उशीर झाला, रागावू नकोस. गणपती होऊन महिना लोटला. लिहायला बसलो की शब्द सुचत नाहीत, आमचं शिक्षण चौथीपर्यंतचं. पण आता राहवत नाही.

तू गणपतीला आलीस, घर भरल्यासारखं वाटलं. श्यामकांतची होणारी बायको बघायला अर्धी चाळ दारात उभी होती. आरती झाली, मी रीतीप्रमाणे देवाला गाऱ्हाणं घातलं, आणि तू प्रसाद न घेताच निघालीस. तुझे मोदक वाटीत तसेच राहिले. तेव्हापासून माझ्या जिवाला चैन नाही. नारळ खवट होता का? की माझी भावजय प्रेमावहिनी काही बोलली? तिच्या तोंडाला फाटक नाही.

गाऱ्हाण्यात मी तुझ्याच भल्याचं मागितलं. बा गणराया, ह्या पांगळ्या पोरीच्या पायांत बळ दे, लग्नात ती आपल्या पायांवर उभी राहू दे, असं म्हटलं. सगळं घर व्हय महाराजा म्हणून गरजलं. माझ्या डोळ्यांत पाणी आलं.

श्यामकांतला विचारावं तर म्हणतो, आबा, मला काय विचारतोस, तिलाच विचार. आणि पेपरात तोंड घालतो. परवा मात्र म्हणाला, लग्नानंतर बोरिवलीत भाड्याची खोली बघतोय. सुलक्षणा, त्याचे आईबाप गेल्यापासून नातवाला मीच वाढवला. ही तळमजल्याची खोली त्याच्याचसाठी राखली. आता मी भिंतींशी बोलत बसू काय? माझं काय चुकलं ते लिही. म्हाताऱ्यावरची माया कमी करू नकोस.

तुझा,
धोंडूआबा


बोरिवली, ११ ऑक्टोबर १९८६

ती. आबांस सुलक्षणाचा शि. सा. न. वि. वि.

मोदक खवट नसावेत, मी खाल्लेच कुठे? प्रेमावहिनींवर आळ घेऊ नका. त्यांनी फक्त माझा पगार विचारला, तो सगळेच विचारतात.

तुम्ही विचारलंत म्हणून स्पष्ट लिहिते. त्या दिवशी मी चहा घेते का, साखर किती, मला उकडतंय का, हे सगळं तुम्ही श्यामकांतला विचारलंत. मी हातभर अंतरावर होते. आरतीला वाट करायला तुम्ही मागून माझी चाकांची खुर्ची धरलीत आणि कपाट सारावं तसं मला कोपऱ्यात सारलंत. आबा, ती खुर्ची माझं अंगच समजा. न सांगता कुणी तुम्हाला बखोटीला धरून हलवलं तर चालेल का? जरा सरक म्हणाला असतात, तर माझी मी सरकले असते.

तेही मी गिळलं असतं. पण गाऱ्हाणं? घरभर माणसांनी एका सुरात मागितलं की ही आहे तशी नको. तुमच्या मनात तसं नव्हतं हे मला कळतं. पण मी तिथे बसून काय करायचं होतं, मीही व्हय महाराजा म्हणायचं? लोक म्हणतात, बिचारी खुर्चीला खिळली. अहो, खुर्ची नसती तर खिळले असते. ती आहे म्हणून अंधेरीला कामाला जाते, नाटकं बघते, तुमच्या नातवाशी भांडते.

बोरिवलीची खोली मीच बघायला सांगितली आहे. लग्न मी श्यामकांतशीच करणार. पण ज्या घरात सणासुदीला माझ्या पायांचं गाऱ्हाणं होईल, तिथे मला राहायचं नाही.

कडू लिहिलं असेल तर पोटात घाला. तुम्ही निदान विचारलंत तरी. तुमचा लोभ आहे तसाच राहू द्या.

आपली,
सुलक्षणा


मुलुंड, १९ ऑक्टोबर १९८६

चि. सुलक्षणा हिस आशीर्वाद.

तुझं पत्र आल्यापासून जेवण गोड लागत नाही. आमच्या गावात गाऱ्हाण्यात सगळं चव्हाट्यावर मांडायची रीत. कुणाचं लग्न जमत नाही, कुणाचा नवरा पितो, देवापुढे लाज कसली? मला वाटलं मी मायाच केली. मग त्या दिवशीचं गाऱ्हाणं पहिल्यापासून आठवून बघितलं. गावी माझ्या भावाची तांबू गाय दूध देत नाही, तेही मागितलं होतं. गाईचं नाव घेतलं, पोरी, आणि तुझं नाही घेतलं. फक्त पांगळी म्हटलं. माझं मलाच कसंसं झालं.

मग समोरच्या भीमराज सुताराला बोलावलं. म्हटलं, सुलक्षणाची खुर्ची आत यायला अडते, तर उंबरठा तासून टाक. प्रेमावहिनी ओरडली, उंबरठा तासला तर घरातली लक्ष्मी जाते. मी म्हटलं, वहिनी, लक्ष्मी ह्या उंबरठ्यापायीच बाहेर अडली आहे. भीमराजने हत्यार काढलं आणि मला दरदरून घाम फुटला. हेही तुला न विचारताच चाललं होतं! थांबवला त्याला. चहा पिऊन, मला चार शब्द ऐकवून गेला.

तर तासू की नको, तू सांग. आणि देवदिवाळीला देवापुढे नारळ ठेवून पुन्हा गाऱ्हाणं घालायचं आहे. गाऱ्हाण्यात तुझ्यासाठी काय मागू? काही नको म्हणालीस तर काही मागणार नाही. रागाच्या आड थोडी माया असू दे.

तुझा,
धोंडूआबा


बोरिवली, १० नोव्हेंबर १९८६

ती. आबांस शि. सा. न. वि. वि.

पत्र वाचून आधी हसले, मग आईला वाचून दाखवलं. भीमराजांना माझ्यातर्फे आणखी एक चहा पाजा. उंबरठा राहू द्या. दोन्ही बाजूंनी उतरती फळी टेकवली की माझं काम भागतं. मोरीचं दार मात्र अरुंद वाटलं, ते मीच येऊन मापलं पाहिजे.

गाऱ्हाण्यात मागायचंच तर हे मागा. देवदिवाळीच्याच दिवशी माझी बढतीची परीक्षा आहे, ती पार पडू दे. आणि श्यामकांतला मासे साफ करता येऊ देत. देवाला दुसरं जास्त जड जाईल.

मला त्या दिवशी येता येणार नाही. खोलीचं अजून नक्की केलेलं नाही. गाऱ्हाणं कसं झालं ते तुम्हीच लिहा, श्यामकांतकडून निरोप नको. तब्येतीला जपा, आणि आमच्यावर माया असू द्या.

आपली,
सुलक्षणा


मुलुंड, ४ डिसेंबर १९८६

चि. सुलक्षणा हिस अनेक आशीर्वाद.

परवा नारळ ठेवला. सगळी मंडळी जमली होती. पहिलं नाव तुझं घेतलं. आमची सुलक्षणा आज परीक्षेला बसली आहे, तिला यश दे म्हटलं. व्हय महाराजा झालं. मग श्यामकांतच्या माशांचं मागितलं, तर बायका अशा गरजल्या की भीमराज काय झालं म्हणून बघायला आला.

तेवढ्यात प्रेमावहिनी मागून म्हणाली, भावोजी, तिच्या पायांचं राहिलं. सगळे माझ्या तोंडाकडे बघायला लागले. खोटं कशाला सांगू, जीभ सवयीने तिकडेच वळत होती. पण आवरली. म्हटलं, वहिनी, ज्याने जे सांगितलं तेवढंच मी मागतो. तिने पाय मागितलेले नाहीत. वहिनीने गुडघा चोळला. मग म्हणाली, तर मग माझ्या गुडघ्यांचं मागा, मी सांगते आहे. मागितलं. तिचं व्हय महाराजा सगळ्यांत मोठं.

भीमराजने फळी करून दिली आहे. रंग लावलेला नाही, कुठला लावायचा ते तू सांग. मोरीच्या दाराला कुणाला हात लावू दिला नाही.

पेपर कसा गेला? खोलीचं काय ठरवलंस? माप घ्यायला कधी येतेस? टपालवाला पुढे निघून गेला तरी मी दारातच उभा राहतो. आणि चहात साखर किती घेतेस तेही लिही, मी श्यामकांतला विचारलेलं नाही. चार ओळी लिही, पण लवकर लिही.

वाट बघणारा,
धोंडूआबा