दाजी, ही चौकशी तुमच्याकडे नको

ती. दाजींस,

नमस्कार. तुमचा गुडघा कसा आहे? ताईचा राग कसा आहे? (दोन्ही थंडीत वाढतात, म्हणून विचारलं.) इकडे सगळे ठीक, मी सोडून.

मी निलंबित झालो हे ताईकडून कळलंच असेल (म्हणजे थोडं वाढवूनच कळलं असणार). घडलं ते असं. शिपाई रजेवर, म्हणून किल्ल्या माझ्या गळ्यात. आमच्या पाणीपुरवठ्याच्या कचेरीत कुलूप लावण्याआधी 'आत कोणी आहे का?' अशी हाक मारायची पद्धत आहे. मी घसा बसेपर्यंत मारली. कोणी ओ दिली नाही, म्हणून कुलूप लावून घरी आलो. साहेब जुन्या फायलींच्या खोलीत होते! पहारेकऱ्याने दार उघडलं तेव्हा त्यांच्या गालावर फायलीच्या दोरीचा वळ होता म्हणे. (वळ पुराव्यात धरत नाहीत. मी विचारलं.)

आरोप आला: वरिष्ठांना हेतुपुरस्सर कोंडले. खुलासा मागणारं पत्र आणि 'आपला खुलासा असमाधानकारक आहे' हे पत्र, दोन्ही एकाच पाकिटात. टायपिस्टबाई म्हणाल्या, "अहो, पुन्हा खेप कशाला?" त्यांच्यावर रागवायचंही आता त्राण नाही.

चौकशीत मला साहेबांना एकच प्रश्न विचारायचा होता: आपण झोपला होतात का? चौकशी अधिकारी दचकलेच. "साहेबांना असं विचारतात का?" म्हणून त्यांनी प्रश्नच खोडला. नोकरी माझी जाणार आणि संकोच यांना! मी वर अर्ज केला. तो चक्क मंजूर होऊन अधिकारी बदलले, आणि नवे अधिकारी म्हणून तुमचं नाव आलं. बायको म्हणते, "सुटलात हो!" मी मात्र जेवण अर्धं टाकून हे पत्र लिहायला बसलो.

ताईला नमस्कार, भाच्यांना आशीर्वाद.

तुमचा, सध्या घरीच असलेला,
मेहुणा

ता. क. ही चौकशी तुम्ही नाकारा. नात्याची हरकत मीही घेऊ शकतो, पण मग ताई मला दारात उभं करणार नाही. सुटलो तर लोक म्हणतील, दाजींनी सोडवलं. मला कोणी सोडवायला नकोय, ऐकून घ्यायला हवंय.

पुन्हा ता. क. खरं कारण लिहूनच टाकतो. साहेबांचा जबाब आलाय, "मी डोळे मिटून विचार करत होतो." हे वाक्य ताईच्या लग्नापासून दर रविवारी दुपारी तुमच्या आरामखुर्चीतून ऐकतोय. ते खरं मानणारे जगात तुम्ही एकटेच आहात. तेव्हा नाकारता येत नसेल, तर निदान माझी साक्षीदार म्हणून ताईला बोलवा. हाकेला ओ न देणारा माणूस काय करत असतो, ते तिला विचारा. मग काय शिक्षा द्यायची ती द्या.