दर्भाचे बाबा, फोनमधले बाबा

आई, काल भावाच्या घरी बाबा बोलले. घाबरू नकोस, यंत्र आहे. पुतणीने त्यांचा तो एकच फोटो, होडीला टेकून काढलेला, संगणकात घातला आणि आता फोनवर त्यांची मान हलते, पापण्या लवतात. "कसा आहेस, बाळा?" म्हणतात, बातम्या वाचल्यासारखं स्वच्छ. मला हसू येणार होतं, पण भावाकडे पाहिलं आणि तोंड मिटलं. बाबा समुद्रात गेले तेव्हा हा तुझ्या पोटात होता. साठी उलटली तरी बापाच्या तोंडचा एक शब्द त्याने ऐकलेला नाही. "नीट ऐक गो ताई," तो म्हणाला, "आई गेली, आता सांगायला तूच उरलीस." पुतणी म्हणाली, "आवाज चुकला असेल तर बदलता येतो, आत्या."

मला आपलं घरापुढचं खळं आठवलं. प्रेत मिळालं नाही म्हणून भटजी दर्भाचा माणूस बांधतायत, डोक्याच्या जागी नारळ ठेवतायत, आणि तू ओटीवरून ओरडतेस, "तो नारळ बदला. यांचं डोकं एवढंसं नव्हतं." भटजी म्हणतात, "अगो बाय, हे नावापुरतं असतं." "नावापुरतं, तर मग जाळता कशाला?" शेवटी काकांनी मागच्या परड्यातून मोठा नारळ आणला. तो ठेवल्याबरोबर तू डोक्यावरून पदर घेतलास, बाबा घरात शिरले की घ्यायचीस तसा. मग ते गवत बाबा केव्हा झालं? नारळ बदलला तेव्हा, की तू पदर घेतलास तेव्हा? जन्मभर शाळेत मी मुलांना प्रश्न विचारले, पण हा कुणाला विचारावा कळत नाही. त्या बाबांना त्याच दिवशी अग्नी दिला आणि तू पहिल्यांदा मोकळी रडलीस. या फोनमधल्यांना निरोप द्यायचा तो कसा?

"जरा घोगरा कर," मी पुतणीला सांगितलं. "आणि 'बाळा' नको. 'जेवलास काय रे' असं म्हणू दे." तिने बदललं. भावाने फोन कानाशी धरला, ऐकलं, आणि खाली मान घालून म्हणाला, "होय, जेवलो."

हा कागद कुठे धाडायचा नाही, म्हणून लिहिते. बाबांचा आवाज मला आठवत नाही. ते गेल्यावर, भाऊ अजून पाळण्यात असताना, मी पेजेला बसले की तू घोगरा आवाज काढून त्यांची नक्कल करायचीस. माझ्याकडे तेवढाच आहे. भावाला मी हे सांगितलं नाही.