गुनवोरबाई लाइनीत उभी राहिली

बर्गन, नॉर्वे
२३ मार्च २०२५

चारुताई,

नमस्कार. मी फोन केला की तू सीधा म्हणतेस, "थांब, आईला देते." दोन वर्षं हेच चाललंय. एवढं काय केलं मी? रागात एकदा बोललो, नाटकात नाचून घराचं नाव घालवशील म्हणून. लहान भाऊ आहे, तोंड सुटलं. माणसाने किती दिवस धरून बसावं?

असो. तब्येत बरी आहे. हॉटेलात तंदूर माझ्याकडेच आहे. फेब्रुवारीत एका टीव्ही सिरीयलच्या शूटिंगला तीन आठवडे जेवण आमचं होतं, नान माझे.

तिची हिरोइन म्हणजे साठीची बाई, गुनवोर नावाची. इथे पोरंटोरं पण ओळखतात तिला. पहिल्या दिवशी मी आपल्याकडच्यासारखं केलं. वेगळं ताट वाढलं, झाकलं आणि तिच्या गाडीपाशी नेऊन म्हटलं, "मॅडम, आधी तुम्ही." बाई ताट घेऊन परत आली, लाइनीत पुढे उभ्या असलेल्या लाइटवाल्याच्या हातात दिलं आणि स्वतः सगळ्यांच्या मागे जाऊन उभी राहिली. लोक हसले. माझे कान तापले.

नंतर ती रोज तंदूरजवळ हात शेकायला यायची. मोडकं इंग्लिश आणि हातवारे, पण जमायचं. विसाव्या वर्षी गावच्या नाटकात होती. मग शहरात शिकली, वीसेक वर्षं नाटकं केली, दोन पिक्चर केले, पेपरात फोटो आले. मग सात वर्षं कामच नाही. म्हाताऱ्यांच्या आश्रमात चादरी बदलायची. पन्नाशीत टीव्हीवर पोलीसवाल्याच्या आईचं काम मिळालं, फक्त चार सीनचं. लोकांना आवडली, काम वाढत गेलं, आता सिरीयल तिच्यावरच चालते.

मी म्हटलं, "सात वर्षं चादरी बदलताना वाटलं नाही, की आपल्याला येतच नाही?"

"नाही. काम मिळत नव्हतं. येत होतं."

घरचे काय म्हणाले, विचारलं. वडील बोलायचे बंद झाले. भावाचा मासळीचा ट्रक होता, त्यानेच शहरातल्या नाट्यशाळेच्या परीक्षेला नेलं, नऊ तास. "अंगाला मासळीचा वास, मी खोलीत गेले आणि परीक्षकांनी खिडकी उघडली," म्हणाली आणि हसली. मग विचारते, "तुला बहीण आहे?" मी म्हटलं, नान जळतोय.

ताई, आता लिहूनच टाकतो. भोपाळच्या नाट्यशाळेच्या फॉर्मवर तू माझा नंबर दिला होतास. घरात चांगला फोन माझ्याकडेच होता. तुला वाटतं तुझी निवड झाली नाही. झाली होती. फोन आला तेव्हा मी बहादरपूरला ट्रकमध्ये केळीचे घड भरत होतो. फोनवरची बाई म्हणाली, "चारुलता महाजन का सिलेक्शन हो गया है." मी म्हटलं, "उनकी शादी तय हो गई है, नहीं आएँगी." आणि पुढचा घड उचलला. असं बोलायला मला कोणी शिकवलं नव्हतं. आप्पांनी पण नाही. चौकातली पोरं चिडवायची, तेवढंच कारण. तू पंधरा दिवस विचारत होतीस, "रितेश, आला का रे फोन?" मी नाही म्हणायचो. मग तू सिंधीपुऱ्यातल्या नाटकाच्या ग्रुपमध्ये जाणंच सोडलंस. म्हणालीस, मला येत नसेल.

आई सांगत होती, आखाजीच्या सणाला जसोंडीचे पाहुणे तुला बघायला येणार आहेत आणि तू हो म्हटलंस. मुलगा पसंत असेल तर माझं काही म्हणणं नाही. पण आपल्याला नाटक येत नाही असं समजून हो म्हणू नको. फॉर्म मे महिन्यात पुन्हा निघणार, तुझ्या ग्रुपमधल्या मृणालने चौकशी केली आहे. घरी दुसऱ्या कोणी उघडू नये म्हणून पत्र तिच्याच पत्त्यावर टाकतोय. या वेळी नंबर तिचा दे.

आप्पांना सगळं मीच सांगणार, तुझ्या हातात पत्र पडलं असं मृणालने कळवलं की त्याच दिवशी. शिव्या मी खाईन. माफी मागायचं तोंड नाही मला. फोन आईलाच देत जा, चालेल.

तुझ्याशी खोटं बोललेला,
रितेश

ता. क. भोपाळचं भाडं, फी आणि तिथे राहण्यासाठी मृणालच्या खात्यात पैसे टाकले आहेत. तू घरीच राहिलीस तरी तुझेच. बेचाळीस हजार रुपये.